मोटारीमागून जाणारी होडी

शर्यतीच्या बैलाला कोणी नांगराला जुंपीत नाही आणि नांगराच्या बैलाकडून कोणी शर्यतीची अपेक्षा धरीत नाही. शिडाच्या होड्यांतही पूर्वी असाच शिरस्ता होता. शर्यतीची होडी हलकी आणि चपळ. तिच्यात बसणाऱ्याने भिजायचे आणि अंग चोरून बसायचे. प्रवासाची होडी रुंद आणि जड. तिच्यात सामान मावे, झोपता येई, पण ती पळत मात्र नसे. या दोघी एकाच होडीत नांदतील काय? शिवाय ती होडी बेताच्या मिळकतीच्या कुटुंबाला परवडावी आणि त्यांच्या लहानशा मोटारीमागे, दोन चाकांच्या ट्रेलरवर घालून नेता यावी!

इयान प्रॉक्टर या इंग्रज आरेखकाने १९५७ साली या कोड्याचे जे उत्तर काढले त्याचे नाव ‘वेफेअरर’, म्हणजे वाटसरू. लांबी १५ फूट १० इंच, रुंदी ६ फूट १ इंच, आणि नुसत्या सांगाड्याचे वजन सुमारे १७० किलो. एवढ्या जागेत प्रॉक्टरने काय काय बसवले हे पाहिले म्हणजे दोन खोल्यांत आठ माणसांचा संसार मांडणाऱ्या आपल्याकडच्या गृहिणींची आठवण होते. कोणतीही वस्तू एकाच कामासाठी ठेवायची नाही, हा दोघांचाही नियम!

आरंभ ट्रेलरपासूनच करू. खोल समुद्रातल्या नौकेच्या तळाला शिशाचे किंवा लोखंडाचे जड वजन असते. बुडाशी जड असलेली बाहुली आडवी पाडली तरी पुन्हा उभी राहते, तशी ती नौका वाऱ्याने कलली तरी सावरते. पण असले वजन लहान मोटारीने कसे ओढायचे? प्रॉक्टरने ते वगळले. त्याऐवजी होडी ऐसपैस रुंद केली आणि तोल सांभाळण्याचे काम बसणाऱ्यांवर सोपवले. वारा एका बाजूने दाबू लागला की त्यांनी वाऱ्याकडच्या काठावर बसून अंग बाहेर झोकायचे. होडी आडवी घसरू नये म्हणून तळातून एक फळी पाण्यात सोडलेली असते. ती खिळीभोवती फिरते. उथळ पाण्यात वर ओढून घ्यायची की होडी सरळ वाळूला लागते. धक्का नको, बंदर नको.

दुसरा प्रश्न वेगाचा. होडी पाण्यात रुतून चालते तोवर तिचा वेग तिच्या लांबीशी बांधलेला असतो, कारण तिनेच उठवलेल्या लाटेच्या खळग्यात ती अडकून पडते. मुले तळ्यावर चपटा दगड भिरकावतात, तो पाण्याच्या पाठीवरून टप्पे घेत जातो. होडीचा मागचा तळ सपाट असेल आणि वारा जोरदार असेल, तर तीही अशीच पाण्यावर उचलली जाऊन धावू लागते. वेफेअररचा मागचा तळ याच हिशेबाने सपाट ठेवलेला आहे. पुढची नाळ मात्र निमुळती, म्हणजे लाट कापली जावी.

तिसरा प्रश्न पैशाचा. गोलाई असलेली होडी बांधायला कसलेला सुतार लागतो. पण दुसऱ्या महायुद्धाच्या काळात पाण्याला दाद न देणारे डिंक विमानांच्या कारखान्यांत रुळले होते आणि त्यांनी जोडलेले प्लायवूड युद्धानंतर होड्यांसाठी मिळू लागले. प्लायवूड एकाच दिशेने वाकते. म्हणून प्रॉक्टरने प्रत्येक कुशीला दोन कोन ठेवून सपाट तक्ते जोडले. गोलाईचा बराचसा गुण आला, खर्च मात्र आटोक्यात राहिला. फायबरग्लासचे सांगाडे पुढे आले.

इंग्लंडमध्ये नोकरीनिमित्त राहत असताना एका सहकाऱ्याच्या वेफेअररमधून नॉरफोकच्या पाणवाटांवर मी तीन दिवस हिंडलो. पॉटर हाइगम येथे नदीवर मध्ययुगीन दगडी पूल आहे. त्याची कमान इतकी ठेंगणी, की आता परत फिरावे लागणार असे मला वाटले. परंतु सहकाऱ्याने शीड उतरवून दोर सैल केला आणि डोलकाठी तिच्या बिजागरीवर मागे निजवली. आम्ही वल्ह्यांनी पलीकडे गेलो. रात्री शिडाखालच्या आडव्या काठीवर तंबू टाकला आणि तळाच्या फळ्यांवर दोन अंथरुणे पसरली. अंथरुणे निघाली ती पुढच्यामागच्या बंदिस्त कप्प्यांतून. हेच कप्पे हवाबंद असल्यामुळे होडी उलटली तरी तिला तरंगती ठेवतात. कोठीची कोठी आणि जीवरक्षक तो जीवरक्षक!

आता या सगळ्याची किंमत. तळाशी वजन नाही, त्यामुळे ही होडी उलटू शकते आणि उलटल्यावर आपण होऊन उभी राहत नाही. माणसांनीच त्या फळीवर भार देऊन ती उभी करायची. तळ्यात ही गंमत असते. उत्तर समुद्रात काय असते ते फ्रँक डाय यांना विचारावे लागले असते. १९६३ साली हे गृहस्थ एका सोबत्याला घेऊन ‘वाँडरर’ नावाच्या आपल्या वेफेअररमधून स्कॉटलंडहून निघाले आणि आइसलंडला पोहोचले. वादळात ते डोलकाठी निजवीत, नाळेवरून कापडी समुद्र-नांगर सोडीत आणि होडीचे तोंड लाटांकडे ठेवीत. पुढल्याच वर्षी नॉर्वेच्या वाटेवर त्यांना त्याहून भयंकर वादळाने गाठले. होडी चार वेळा उलटली, डोलकाठी मोडली. चारही वेळा त्यांनी ती उभी केली, बादल्यांनी पाणी उपसले आणि मोडक्यातोडक्या सामानावर शीड चढवून किनारा गाठला. हवाबंद कप्पे नसते तर हे सांगायला कोणी उरले नसते. त्यांच्या अनेक सफरींत पत्नी मार्गारेट सोबत असत. दोघांनी मिळून त्यांचे वर्णनही लिहिले आहे. फ्रँक डाय २०१० साली वारले.

वाचकांनी त्यांचे अनुकरण करावे असे मी मुळीच सुचवणार नाही. प्रॉक्टरने ही होडी महासागरासाठी आखलीच नव्हती. तो कुटुंबासाठी आखीत होता, आणि म्हणूनच घाबरलेल्या, दमलेल्या, नवशिक्या माणसाचा विचार त्याने आधी केला. तोच विचार त्या वादळात कामी आला.

राहता राहिली शर्यत. या वर्गातल्या होड्यांची मापे नियमांनी बांधलेली असतात, तेव्हा जिंकायचे ते पैशावर नव्हे, हातावर आणि वाऱ्याच्या जाणिवेवर. आजही इंग्लंडात, कॅनडात, डेन्मार्कमध्ये वेफेअररच्या शर्यती होतात. रविवारी शर्यत आटोपली की होडी मोटारीमागे जोडायची आणि घरच्या अंगणात आणून ठेवायची. सुट्टी लागली की तीच होडी, तंबू आणि मुले घेऊन, पुन्हा वाटेला लागते.