विश्लेषण : क्रूमध्ये काम करता करता दिग्दर्शक होता येतं का? स्कँडिनेव्हियातला अनुभव काय सांगतो?

स्वीडन, डेन्मार्क आणि नॉर्वेमधल्या अनेक नामवंत दिग्दर्शकांची सुरुवात कॅमेरा किंवा पटकथा विभागात झाली. मात्र नुसती वर्षं भरली म्हणून त्यांना दिग्दर्शन मिळालं नाही. मग ते कशामुळे मिळालं?

स्टुडिओच्या काळात काय व्हायचं?
डेन्मार्कचे कार्ल थिओडोर ड्रायर मूळचे पत्रकार. नॉर्डिस्क फिल्म कंपनीत ते मूकपटांच्या पडद्यावरचा मजकूर आणि पटकथा लिहायचे. १९१९ मध्ये त्यांनी दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट 'द प्रेसिडेंट' आला. स्वीडनचे इंगमार बर्गमन स्वेन्स्क फिल्मइंडस्ट्रीच्या पटकथा विभागात नोकरीला होते. त्यांच्या पटकथेवर १९४४ मध्ये 'टॉर्मेंट' तयार झाला. दिग्दर्शक दुसरे होते आणि बर्गमन सेटवर सहायक. शेवटचं बाह्यचित्रण मात्र त्यांच्याकडे आलं. दोनच वर्षांनी, १९४६ मध्ये, त्यांचा 'क्रायसिस' आला. तो चालला नाही, तरी संधी मिळत राहिली.

कॅमेरामन दिग्दर्शक कसे झाले?
स्वीडनचे यान ट्रोएल शाळेत शिक्षक होते आणि स्वतः लघुपट करायचे. १९६३ च्या 'द बेबी कॅरेज'चे ते छायालेखक होते. १९६६ मध्ये त्यांनी पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट दिग्दर्शित केला. 'द एमिग्रंट्स' (१९७१) चं दिग्दर्शन, छायालेखन आणि संकलन तिन्ही त्यांचंच. त्यासाठी त्यांना दिग्दर्शनाचं ऑस्कर नामांकन मिळालं. नॉर्वेचे एरिक पोप्पे वृत्तपत्र छायाचित्रकार होते. 'एग्ज' (१९९५) चे ते छायालेखक होते, तर १९९८ मध्ये ते दिग्दर्शक झाले. 'द किंग्स चॉइस' (२०१६) हा त्यांचाच.

१९६० नंतर काय बदललं?
१९६३ मध्ये स्वीडिश फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. तिकीट विक्रीतला १० टक्के वाटा चित्रपटांच्या निधीसाठी तिच्याकडे येऊ लागला. १९६६ मध्ये डेन्मार्कची राष्ट्रीय फिल्म स्कूल सुरू झाली. त्यामुळे बढती देणारा स्टुडिओचा मालक मागे पडला. डेन्मार्कमध्ये निधीचा अर्ज इन्स्टिट्यूटचे सल्लागार वाचतात आणि प्रकल्पाचा कस पाहतात. 'द हंट'चे सहलेखक टोबियास लिंडहोम याच फिल्म स्कूलमध्ये पटकथा शिकले आणि पुढे 'अ हायजॅकिंग' (२०१२) चे दिग्दर्शक झाले.

सहायक दिग्दर्शक होणं हीच पहिली पायरी का?
तसं समजलं जातं. पण पहिल्या सहायकाचं मुख्य काम म्हणजे वेळापत्रक सांभाळणं आणि सेट चालवणं. त्यातून शिस्त आणि ओळखी मिळतात, पण तुम्ही गोष्ट कशी सांगता हे कुणाला दिसत नाही. ड्रायर आणि बर्गमन यांच्याकडे पटकथा होत्या, तर ट्रोएल यांच्याकडे लघुपट.

मग क्रूमधल्या तरुणांनी काय करावं?
क्रूमधल्या कामानं घर चालतं आणि हात तयार होतो. दिग्दर्शनासाठी निधी मागताना मात्र स्वतःचं लेखन किंवा लघुपट समोर ठेवावा लागतो. त्यासाठी नोकरीतून वेळ काढणं, हाच या वाटेवरचा सर्वांत अवघड भाग.