माणसाला धाप लागते तिथे तिबेटी मॅस्टिफ रात्रभर पहारा कसा देतो?

लेहला विमानातून उतरलेल्या पर्यटकांना पहिले एक-दोन दिवस आराम करायला सांगतात. साधारण ३,५०० मीटर उंचीवरच्या विरळ हवेत जिना चढतानाही धाप लागते. तिबेटचं पठार तर सरासरी ४,५०० मीटरवर आहे. तिथे मेंढपाळांच्या तंबूबाहेर पहारा देणारा, लांडग्यांना पळवून लावणारा कुत्रा म्हणजे तिबेटी मॅस्टिफ.

मग त्याला त्रास का होत नाही?

एवढ्या उंचीवर प्रत्येक श्वासात मिळणारा ऑक्सिजन समुद्रसपाटीच्या जेमतेम ६० टक्के असतो. मैदानी प्रदेशातला माणूस तिथे गेला की त्याचं शरीर जास्त लाल पेशी तयार करतं. पण हे दीर्घकाळ चाललं तर रक्त दाट होतं आणि हृदयावर ताण येतो. मॅस्टिफमधल्या 'ईपीएएस-१' या जीनचा खास प्रकार ही वाढ आटोक्यात ठेवतो. शिवाय त्याच्या हिमोग्लोबिनमध्ये दोन छोटे बदल आहेत. त्यामुळे ते विरळ हवेतूनही ऑक्सिजन चांगला पकडतं.

हा जीन आला कुठून?

लांडग्यांकडून! माणसांसोबत पठारावर आलेल्या कुत्र्यांचा तिथल्या लांडग्यांशी संकर झाला आणि लांडग्यांचा हा वारसा त्यांना मिळाला. गंमत म्हणजे तिबेटी माणसांमध्येही याच जीनचा उपयुक्त प्रकार आहे. त्यांना तो डेनिसोव्हन या नामशेष झालेल्या मानवांकडून मिळाला, असं २०१४ मधल्या संशोधनातून समोर आलं. म्हणजे मालक आणि कुत्रा, दोघांनीही उसनवारी केली, फक्त वेगवेगळ्या घरी!

थंडीचं काय?

त्याच्या अंगावर केसांचे दोन थर असतात. आतला मऊ, दाट थर ऊब धरतो आणि बाहेरचे राठ केस बर्फ-वारा अडवतात. उन्हाळ्याच्या तोंडावर आतला थर झडतो.

हाच रुबाबदार केसाळपणा त्याच्या मुळावर आला. चीनमध्ये तो श्रीमंतीचं लक्षण बनला. २०१४ मध्ये एक पिल्लू १ कोटी २० लाख युआनला विकलं गेल्याची बातमी जगभर गाजली. पुढे लाट ओसरली, भाव कोसळले आणि अनेक कुत्रे रस्त्यावर आले. तिबेटी भागातल्या गावांमध्ये त्यांच्या भटक्या टोळ्या डोकेदुखी ठरल्या.

त्यामुळे रीलमधला केसाळ कुत्रा आवडला, तर किंमत विचारण्याआधी एक प्रश्न विचारायला हवा: हा कुठल्या हवेसाठी घडलाय?