निरीक्षक परिणाम

निरीक्षणाच्या कृतीमुळेच निरीक्षणाधीन वस्तूत किंवा घटनेत जो बदल होतो, त्यास निरीक्षक परिणाम असे म्हणतात. जे जाणून घ्यावयाचे तेच जाणून घेताना बदलते, हा या संकल्पनेतील पेच होय. कल्पित साहित्यात हा पेच टोकाला नेला जातो : पाहणारा पाहील तसे जग घडते, किंवा कोणी पाहीपर्यंत ते अस्तित्वातच नसते. विज्ञानातील अर्थ याहून मर्यादित आहे. रायगड जिल्ह्यातील अलिबागची चुंबकीय वेधशाळा हे त्याचे बोलके उदाहरण होय.

स्वरूप

वाटीभर गरम पाण्यात थंड तापमापी बुडवली असता ती पाण्यातील थोडी उष्णता शोषून घेते. त्यामुळे मिळणारे तापमान मूळ तापमानापेक्षा किंचित कमी असते. मानवी व्यवहारातही असेच घडते. शाळातपासणीच्या दिवशी अधिकाऱ्यांना दिसणारा वर्ग हा रोजचा वर्ग नसतो. या दोन्ही उदाहरणांत मूळ स्थिती निरीक्षणापूर्वीच अस्तित्वात असते. निरीक्षणाने ती निर्माण होत नाही, केवळ विचलित होते.

अलिबागची वेधशाळा

मुंबईतील कुलाबा वेधशाळेची स्थापना १८२६ मध्ये झाली. तेथे १८४१ पासून पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राचे वेध घेतले जाऊ लागले. सप्टेंबर १८५९ मधील प्रचंड चुंबकीय वादळाच्या वेळी क्षेत्राच्या क्षितिजसमांतर घटकात सुमारे १,६०० नॅनोटेस्लांची घट तेथे नोंदली गेली. सौर वादळांच्या अभ्यासात ही नोंद आजही महत्त्वाची मानली जाते.

विसाव्या शतकाच्या आरंभी मुंबईत विजेवर चालणारी ट्राम आणण्याचे ठरले. तिच्या विद्युतप्रवाहामुळे वेधांत विकृती येणार हे स्पष्ट होते. कुलाबा वेधशाळेचे पहिले भारतीय संचालक नानाभाई आर्देशिर फ्रामजी मूस यांनी मुंबईपासून सुमारे ३० किलोमीटर अंतरावरील अलिबागची निवड केली. तेथे १९०४ मध्ये वेध सुरू झाले आणि १९०६ पर्यंत दोन्ही ठिकाणी एकाच वेळी नोंदी घेण्यात आल्या. त्यामुळे दोन्ही नोंदींची तुलना शक्य झाली आणि जुनी मालिका नव्या जागी पुढे चालू ठेवता आली. मुंबईत विजेची ट्राम १९०७ मध्ये धावू लागली. ही वेधशाळा आज भारतीय भूचुंबकत्व संस्थेच्या अखत्यारीत आहे.

ट्राम हा बाहेरचा अडथळा होता. परंतु निरीक्षक स्वतःही अडथळा ठरू शकतो. पृथ्वीचे चुंबकीय क्षेत्र स्थानपरत्वे सुमारे २५,००० ते ६५,००० नॅनोटेस्ला असते, तर शांत दिवशी त्यात होणारे दैनंदिन बदल बहुधा काही दशक नॅनोटेस्लांचेच असतात. अशा सूक्ष्म मापनात खिशातील किल्ली किंवा कमरपट्ट्याची लोखंडी कडीही फरक घडवू शकते. म्हणून चुंबकीय वेधशाळेच्या बांधकामात लोखंड टाळून अचुंबकीय दगड, लाकूड, तांबे व पितळ वापरतात आणि वेध घेणारी व्यक्ती लोखंडी वस्तू बाहेर ठेवूनच आत जाते.

पुंजयामिकी

अणूहून सूक्ष्म कणांच्या बाबतीत हा पेच अधिक गहन होतो. दोन फटींच्या प्रयोगात इलेक्ट्रॉन कोणत्या फटीतून गेला याची माहिती मिळवली, की पडद्यावरील व्यतिकरणाचा आकृतिबंध नाहीसा होतो. प्रचलित अर्थबोधानुसार मापनापूर्वी कणाला निश्चित स्थान असतेच असे नाही. अर्थात येथील प्रश्न तापमापीच्या प्रश्नाहून वेगळा आहे. हे तत्त्व मोठ्या वस्तूंना जसेच्या तसे लावल्यास उद्भवणारी विसंगती दाखविण्यासाठी एर्विन श्रोडिंगर यांनी १९३५ मध्ये एकाच वेळी जिवंत व मृत असलेल्या मांजराचा कल्पनाप्रयोग मांडला. ह्यू एव्हरेट यांनी १९५७ मध्ये मांडलेल्या विचारातून पुढे ‘अनेक विश्वे’ ही उपपत्ती विकसित झाली. तीनुसार सर्व शक्यता प्रत्यक्षात येतात. निरीक्षकास मात्र त्यांपैकी एकच अनुभवास येते.

मराठी कथासाहित्यात

जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या विज्ञानकथेत इतिहासाचे एक प्राध्यापक अशा जगात जाऊन पोहोचतात, जेथे पानिपतच्या तिसऱ्या युद्धात मराठ्यांचा विजय झालेला असतो. त्या जगात विश्वासरावांवर झाडलेली गोळी थोडक्यात चुकलेली असते. प्राध्यापकांच्या पाहण्याने तो इतिहास निर्माण होत नाही; निराळे जग आधीच असते, त्यांना ते केवळ दिसते.

गैरसमज

‘आपण पाहतो म्हणून जग आहे’ असे विज्ञानाने सिद्ध केल्याचे विधान अनेकदा केले जाते. ते योग्य नाही. पुंजयामिकीत निरीक्षण म्हणजे मानवी दृष्टी किंवा इच्छा नव्हे, तर मापनयंत्राशी होणारी भौतिक आंतरक्रिया, असे सामान्यतः मानले जाते. फटीजवळ माणूस नसला तरी शोधकयंत्र पुरेसे असते. अलिबागच्या उदाहरणावरूनही हेच स्पष्ट होते. चुंबकीय क्षेत्र निरीक्षकाच्या इच्छेने बदलत नाही, त्याच्या खिशातील लोखंडाने नोंद बदलते. आणि हे ठाऊक असल्यामुळेच लोखंड बाहेर ठेवून विश्वसनीय नोंद करता येते.