खुराड्याची जाळी कोणासाठी?

सकाळी खुराडे उघडावे आणि सहापैकी पाच कोंबड्या मरून पडलेल्या दिसाव्यात. खाल्लेली मात्र एखादीच, तीही अर्धवट. "काय माजलेलं जनावर!" असे घरातले म्हणतात. अंड्यांच्या पैशातून जिथे मुलांच्या वह्या येतात, तिथला हा संताप समजण्यासारखा आहे. पण जनावर माजलेले नसते.

हान्स क्रूक या प्राणिशास्त्रज्ञाने १९७२ साली अशा 'गरजेपेक्षा जास्त' शिकारीवर शोधनिबंध लिहिला. इंग्लंडच्या किनाऱ्यावर अगदी काळोख्या रात्री खोकडे एकामागून एक कुरव पक्षी मारत. कारण पक्षी उडतच नसत. एरवी एकाला पकडेपर्यंत बाकीचे निसटतात आणि शिकार तिथेच थांबते. भूक भागली तरी समोरच्या भक्ष्यावर झडप घालण्याची प्रेरणा लगेच विझत नाही.

आपली कोंबडी रात्री याच अवस्थेत असते. मंद उजेडात पाहण्यासाठी लागणाऱ्या दंडपेशी तिच्या दृष्टिपटलात कमी, त्यामुळे अंधार पडला की ती जागची हलत नाही. त्यात चारही बाजूंनी भिंती. खुराड्यात एक भोक राहिले, तर ते खुराडे न राहता सापळा होते.

आला कोण, हे आधी ओळखावे. संध्याकाळी खुराड्याभोवती चाळलेली राख पसरावी आणि सकाळी मुलांना ठसे पाहायला लावावे. चार बोटे, नखे उमटलेली नाहीत : मांजर किंवा बाऊल. चार बोटे आणि नखे : कुत्रा किंवा कोल्हा. पाच बोटे दिसली तर उदमांजर किंवा मुंगूस. पण मुंगूस दिवसा हिंडणारा प्राणी, रात्रीचा आळ त्याच्यावर घेऊ नये. (१९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्याला संरक्षणही आहे.) ठसे नाहीत आणि टरफलही न ठेवता अंडी गेली, तर सापाचा संशय घ्यावा.

आता जाळी. बाजारात 'कोंबडीची जाळी' म्हणून मिळते ती षट्कोनी, बारीक तारेची. ती कोंबडी आत ठेवते, शत्रूला बाहेर ठेवत नाही. कुत्रा ती फाडतो, उंदीर तिच्यातून सहज आत शिरतो. अर्ध्या इंचाची, जोडलेल्या जाड तारेची चौकोनी जाळी महाग पडते हे खरे. तेव्हा निदान जमिनीपासून दोन-तीन फुटांपर्यंत आणि झरोक्यांना तरी ती लावावी. झरोके मात्र बुजवू नयेत. विष्ठेतून निघणारा अमोनिया कोंबड्यांच्या डोळ्यांना व श्वासनलिकेला त्रास देतो.

उकरणारे जनावर भिंतीला अगदी चिकटून उकरते, दोन पावले मागे सरून बोगदा काढावा हे त्याला सुचत नाही. म्हणून जाळीचा खालचा दीड फूट बाहेरच्या बाजूला जमिनीवर आडवा पसरून मातीने झाकावा. जाळी परवडत नसेल तर तितक्याच रुंदीत सपाट दगड बसवावेत.

दाराला एक कडी वर आणि एक खाली हवी. मधल्या एकाच कडीने दाराचा कोपरा वाकतो, आणि मांजराला तेवढी फट पुरते.