होर्हे सेम्प्रून : गप्प राहिलेल्या साक्षीदाराची पटकथा

जानेवारी 1944. जर्मनीतल्या बुखेनवाल्डच्या छळछावणीत नव्या कैद्यांची नोंद चालू होती. वीस वर्षांच्या होर्हे सेम्प्रून यांनी व्यवसाय सांगितला : तत्त्वज्ञानाचा विद्यार्थी. नोंद घेणाऱ्या जुन्या जर्मन कैद्याने समजावलं, की हा काही व्यवसाय होत नाही. सेम्प्रून हट्टाला पेटले. शेवटी त्या माणसाने कार्डावर काय लिहिलं, ते त्यांना कळलं थेट 1992 साली, छावणी पुन्हा पाहायला गेले तेव्हा. तिथे ‘गिलावा करणारा कारागीर’ अशी नोंद होती. हातात कसब असलेल्या कैद्याला छावणीत जगण्याची थोडी जास्त आशा असे.

सेम्प्रून मूळचे माद्रिदचे, जन्म 1923 चा. आजोबा अंतोनियो माउरा पाच वेळा स्पेनचे पंतप्रधान झालेले. यादवी युद्धात कुटुंब देशोधडीला लागलं आणि मुलगा पॅरिसमध्ये वाढला. नाझींविरुद्धच्या प्रतिकार चळवळीत असतानाच गेस्टापोने, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांनी, त्यांना पकडलं. जग त्यांना फ्रेंच पटकथाकार म्हणून ओळखतं. नागरिकत्व मात्र अखेरपर्यंत स्पेनचंच राहिलं.

1953 पासून ते हुकूमशहा फ्रँकोच्या स्पेनमध्ये ‘फेदेरिको सांचेझ’ या खोट्या नावाने कम्युनिस्ट पक्षाचं भूमिगत काम करत होते. नेतृत्वाशी मतभेद झाले आणि 1964 साली पक्षाने त्यांना काढून टाकलं. दोनच वर्षांनी त्यांनी लिहिलेला, दिग्दर्शक अलँ रेने यांचा ‘ला गेर ए फिनी’ (‘युद्ध संपलं’) हा चित्रपट आला. सीमा ओलांडून ये-जा करणारा, थकलेला, शंकेने पोखरलेला त्यातला स्पॅनिश कार्यकर्ता हा सेम्प्रून यांच्या त्या दहा वर्षांचाच अर्क आहे. भूमिका केली इव्ह मोंताँ यांनी.

मग 1969 चा ‘झेड’. ग्रीक खासदार लाम्ब्राकिस यांच्या 1963 मधल्या हत्येवरचा हा चित्रपट त्यांनी दिग्दर्शक कोस्ता-गाव्रास यांच्यासोबत लिहिला. ग्रीसमध्ये तेव्हा लष्कराची सत्ता होती, म्हणून चित्रीकरण अल्जिअर्समध्ये झालं. उत्कृष्ट परभाषिक चित्रपटाचं ऑस्करही अल्जेरियाच्या नावावर गेलं.

माझ्या मते त्यांची सगळ्यात धाडसाची पटकथा मात्र 1970 ची, ‘लाव्हू’, म्हणजे ‘कबुली’. 1952 साली प्रागमध्ये चौदा कम्युनिस्ट नेत्यांवर बनावट खटला चालला आणि अकरा जण फासावर गेले. वाचलेल्या तिघांपैकी आर्तुर लंडन यांच्या आठवणींवर ही पटकथा बेतली आहे. आरोपींकडून कबुलीजबाब शब्दन् शब्द पाठ करून घेतलेले. न्यायालयात एकजण जबाब देत असताना त्याची पँट घसरते, कारण कोठडीत अंगावरचं मांसच झडलेलं. सगळं न्यायालय हसू लागतं, आरोपीसुद्धा. पाहताना अंगावर काटा येतो.

फाशी गेलेल्या अकरा जणांत योसेफ फ्रांक होते. बुखेनवाल्डमध्ये सेम्प्रून आणि ते एकाच कार्यालयात काम करत. छावणीत गेस्टापोला मदत केली, असा फ्रांक यांच्यावर आरोप ठेवला गेला. तो खोटा आहे, हे सेम्प्रून यांना पक्कं ठाऊक होतं. पण पक्षनिष्ठेपायी 1952 साली ते गप्प बसले.

पुढे 1988 ते 1991 या काळात सेम्प्रून स्पेनचे सांस्कृतिक मंत्री होते. 2011 साली पॅरिसमध्ये वारले. पण फ्रांक यांच्याबाबतचं ते मौन त्यांनी त्याआधीच, 1977 साली, उघड लिहून टाकलं होतं. त्या पुस्तकाला त्यांनी नाव दिलं : ‘फेदेरिको सांचेझचं आत्मचरित्र’.