क्लब बुडाले, बॅक उरला

राहुल भेके ज्या क्लबांचे शर्ट घालून व्यावसायिक फुटबॉल शिकला, त्यांतले तीन आज मैदानात दिसत नाहीत. एअर इंडियाच्या संघाला २०१३ मध्ये परवान्याच्या अटी जमल्या नाहीत आणि तो आय-लीगमधून बाहेर पडला. मुंबई एफसी २०१७ मध्ये आय-लीगच्या तळाला गेली आणि मालकांनी गाशा गुंडाळला. बालेवाडीची एफसी पुणे सिटी २०१९ मध्ये बंद झाली, तिची जागा हैदराबादने घेतली. खेळाडू मात्र टिकला. नुसता टिकला नाही, तर बेंगळुरूला विजेतेपद देणारा गोल त्याने केला, मुंबई सिटीचा कर्णधार म्हणून चषक उचलला आणि भारताच्या बचावफळीत जागा मिळवली. ६ डिसेंबर १९९० चा त्याचा जन्म, मुंबईचा. महाराष्ट्राच्या गेल्या दोन दशकांतल्या फुटबॉलची सगळी पडझड आणि थोडीफार मिळकत या एका माणसाच्या कारकिर्दीत सापडते.

आमच्या केडगावात हे नाव घेतलं तर बहुतेक जण ‘कोण?’ असं विचारतील, आणि त्यात त्यांचा दोष नाही. नगर जिल्ह्याने क्रिकेटला श्रीरामपूरचा झहीर खान दिला, संगमनेर तालुक्यातल्या आश्वी खुर्दचा अजिंक्य रहाणे दिला. मोकळी जागा दिसली की पोरं आधी स्टंप शोधतात, नाही मिळाले तर विटा रचतात. फुटबॉल इथे टीव्हीवर येतो, तोही बहुधा इंग्लंड-स्पेनचा, आणि त्यातही गोल करणाऱ्यांचा. रेणुकामातेच्या नवरात्रात खेळण्यांच्या दुकानांवर टांगलेल्या शर्टांवर मेस्सी असतो, रोनाल्डो असतो. बॅकचं नाव असलेला शर्ट मी अजून पाहिलेला नाही.

बॅक, डिफेंडर, बचावपटू, काहीही म्हणा, या माणसाचं काम घडू नये ते घडू न देणं हे असतं. नव्वद मिनिटं नीट खेळला तर वर्तमानपत्रात त्याच्याबद्दल ओळही येत नाही; एकदा चुकला तर मथळा होतो. शिवाय तो उशिरा पिकतो. फॉरवर्ड अठराव्या-विसाव्या वर्षी नुसत्या वेगावर चमकू शकतो. बॅकला समोरच्याचं पाऊल ओळखायचं असतं, ऑफसाइडची रेषा शेजारच्या तिघांबरोबर एका क्षणी पुढेमागे करायची असते, क्रॉस येण्याआधीच तो कुठे पडणार हे कळावं लागतं. हे शिकायला सामने लागतात, शेकड्याने. आणि सामने मिळायला क्लब लागतो, जो पुढच्या मोसमातही शिल्लक असेल.

महाराष्ट्रात नेमकं तेच नव्हतं. २००५-०६ मध्ये नॅशनल फुटबॉल लीग जिंकणारी महिंद्रा युनायटेड २०१० मध्ये बंद झाली. देशाचं विजेतेपद मिळवलेला संघ, आणि कंपनीने एका निर्णयात मिटवून टाकला. पुण्यात कल्याणी समूहाने भारत एफसी काढली, ती २०१४-१५ चा एक मोसम खेळली. पिरामल यांची पुणे एफसीही २०१५ मध्ये थांबली. तिच्यानंतर डीएसके शिवाजियन्स आली, दोन मोसमांत गेली. वर सांगितलेले तीन धरले तर दहा वर्षांत मुंबई-पुण्याने अव्वल दर्जाचे सात संघ गमावले. एखाद्या पट्ट्यातल्या सात बँका बुडाल्या असत्या तर मोर्चे निघाले असते.

या पडत्या छपरांखालून भेके वाट काढत गेला. एअर इंडियानंतर मुंबई एफसी, जिथे प्रशिक्षक होते खालिद जमील. हा संघ पैशाने बारीक आणि बचावाने चिवट होता. खाली घसरण्याच्या रेषेवर वर्षानुवर्षं लोंबकळत राहून वाचण्याची त्याची ख्याती. समोरचा संघ सतत अंगावर येत असताना जागा न सोडणं म्हणजे काय, ते शिकायला बॅकला यापेक्षा चांगली शाळा मिळणं अवघड. तिथून २०१४ मध्ये तो ईस्ट बंगालला गेला. कोलकात्यात राइट बॅकने चूक केली तर दुसऱ्या दिवशी चहावाला ती समजावून सांगतो, असं तिकडचे लोक गमतीने म्हणतात. मला ती गंमत वाटत नाही.

त्या काळात देशात दोन लीग शेजारी शेजारी चालत. शरद ऋतूत इंडियन सुपर लीग (आयएसएल), पुढच्या वर्षाच्या सुरुवातीला आय-लीग. त्यामुळे एकच खेळाडू वर्षात दोन संघांकडून उसनवारीवर खेळे. भेके २०१५ मध्ये केरळ ब्लास्टर्सकडे, २०१६ मध्ये पुणे सिटीकडे गेला आणि दरवेळी ईस्ट बंगालमध्ये परतला. आयएसएलच्या २०१४ च्या पहिल्या मोसमात परदेशी तारे आले होते, स्वीडनचा फ्रेडी ल्युंगबर्ग मुंबई सिटीकडून मोजके सामने खेळून गेला. आर्सेनलमध्ये नाव कमावलेला माणूस होता तो, पण तोवर कारकीर्द मावळली होती.

स्वीडनची गोष्ट निघालीच आहे तर तिथल्या एका बॅकची कारकीर्द भेकेशेजारी ठेवून बघण्यासारखी आहे. आंद्रेआस ग्रानक्विस्त, जन्म १९८५, गाव पोआर्प. दक्षिण स्वीडनमध्ये हेलसिंगबोर्ग शहराच्या कडेला चिकटलेलं, सुमारे तीन हजार वस्तीचं हे गाव. केडगाव त्याच्या कितीतरी पट मोठं. पोआर्पला स्वतःचा फुटबॉल क्लब आहे. पोरगा तिथे खेळला, मग शेजारच्या हेलसिंगबोर्ग क्लबात गेला, जो १९०७ मध्ये स्थापन झालेला. पुढे इंग्लंड, नेदरलँड्स, इटली, रशिया असा फिरला. नोव्हेंबर २०१७ मध्ये स्वीडनने इटलीला आधी १-० ने हरवलं आणि मग मिलानमध्ये ०-० रोखलं. १९५८ नंतर प्रथमच इटलीचा विश्वचषक हुकला. त्या भिंतीचा कर्णधार ग्रानक्विस्त. स्वीडनच्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणारा सोनेरी चेंडू २००७ पासून सलग दहा वर्षं झ्लाटन इब्राहिमोविचच्या घरी जात होता. २०१७ मध्ये तो ग्रानक्विस्त या स्टॉपरला, म्हणजे मधल्या बॅकला, मिळाला, आणि पुढची दोन वर्षंही व्हिक्टर लिंडेलोफ या बॅकलाच. २०१८ च्या विश्वचषकात ग्रानक्विस्तने दक्षिण कोरिया आणि मेक्सिकोविरुद्ध पेनल्टीवर गोल केले, संघ उपांत्यपूर्व फेरीपर्यंत गेला. मग तो कुठे गेला? हेलसिंगबोर्गला, जो तेव्हा दुसऱ्या श्रेणीत घसरलेला होता. त्याच मोसमात क्लब वर आला. दोन वर्षांनी पुन्हा खाली गेला, पण बंद झाला नाही.

बंद न होण्यामागे भावनेपेक्षा कायदा जास्त आहे. स्वीडिश क्लबात निम्म्याहून अधिक मतं सभासदांच्या संघटनेकडेच राहिली पाहिजेत, असा तिथल्या क्रीडा महासंघाचा नियम आहे. गुंतवणूकदार येऊ शकतो, पण कंटाळा आला म्हणून कुलूप लावू शकत नाही. संघ खालच्या श्रेणीत गेला तर खेळाडू विकले जातात, पगार कापले जातात. क्लबाची मुलांची शाखा मात्र दुसऱ्या दिवशी संध्याकाळी नेहमीसारखी मैदानावर असते.

आपल्याकडे या व्यवस्थेच्या सगळ्यात जवळ जाणारी गोष्ट मुंबई-पुण्यात नाही, कोल्हापुरात आहे. पाटाकडील, दिलबहार, खंडोबा, बालगोपाल या तालमींचे संघ. शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब. पेठेचा संघ म्हणजे पेठेची अब्रू, त्याला मालक नाही म्हणून तो विकताही येत नाही. शाहू स्टेडियमवर स्थानिक सामन्याला जी गर्दी लोटते ती कित्येक व्यावसायिक संघांच्या नशिबी नाही. २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळलेला अनिकेत जाधव याच शहरातला. तालमींच्या फुटबॉलमध्ये हाणामाऱ्या आहेत, हेवेदावे आहेत, शास्त्रशुद्ध प्रशिक्षणाची वानवा आहे, हे सगळं मान्य. पण त्या टिकल्या, आणि कंपन्यांचे संघ टिकले नाहीत. २०१७ मध्येच, सतरा वर्षांखालील विश्वचषकाच्या निमित्ताने राज्य सरकारने १५ सप्टेंबरला ‘मिशन वन मिलियन’ म्हणून शाळाशाळांत फुटबॉल वाटले आणि लाखो मुलांना एका दिवशी मैदानात उतरवलं. चेंडू पोचले. चेंडूमागून क्लब पोचायला हवा होता, तो आमच्याकडे तरी आला नाही.

भेकेला टिकाऊ घर मिळालं ते २०१७ मध्ये, बेंगळुरूत. एप्रिल २०१८ मध्ये भुवनेश्वरला सुपर कपच्या अंतिम सामन्यात त्याचा जुनाच संघ ईस्ट बंगाल १-० ने पुढे असताना बरोबरीचा गोल त्याने केला. बेंगळुरूने सामना ४-१ जिंकला. मग आला १७ मार्च २०१९. बरोबर वर्षापूर्वी याच तारखेला बेंगळुरू घरच्या मैदानावर चेन्नईयनकडून आयएसएलची अंतिम लढत हरलं होतं. आता समोर एफसी गोवा, मैदान मुंबईतलं अंधेरीचं. नव्वद मिनिटं गोलशून्य. जादा वेळेत गोव्याचा अहमद जाहू लाल कार्ड घेऊन बाहेर गेला. ११७ व्या मिनिटाला दिमास देलगादोने कॉर्नर घेतला आणि भेकेने डोक्याने चेंडू जाळ्यात घातला. १-०. मुंबईच्या पोराने मुंबईत, दुसऱ्या शहरासाठी.

कॉर्नरला बॅक पुढे का जातात, हे नव्या प्रेक्षकाला विचारावंसं वाटतं. उंची हे अर्धं उत्तर. उरलेलं अर्धं असं की, हवेतला चेंडू कुठे उतरेल याचा अंदाज रोज बांधण्याचं काम त्यांचंच असतं; आपल्या गोलसमोर चेंडू बाहेर काढताना जी नजर लागते तीच समोरच्या गोलात घालताना लागते. धोका एवढाच की चेंडू हुकला तर मागे माणसं कमी उरतात आणि प्रतिहल्ल्यात साठ-सत्तर मीटर पळत परतावं लागतं. ११७ व्या मिनिटाला पायांत गोळे येत असताना पुढे जाण्याचा हिशेब म्हणूनच सोपा नसतो.

या गोलनंतर तीन महिन्यांच्या आत, जून २०१९ मध्ये, थायलंडमधल्या किंग्ज कपमध्ये क्युरासाओविरुद्ध तो भारताकडून पहिल्यांदा खेळला. वय अठ्ठावीस. नवे प्रशिक्षक इगोर स्टिमॅक स्वतः क्रोएशियाचे स्टॉपर, १९९८ च्या विश्वचषकात तिसऱ्या आलेल्या संघातले. बॅक बॅकला ओळखतो. सप्टेंबरमध्ये दोहात, आशिया विजेत्या कतारविरुद्ध, कर्णधार सुनील छेत्री आजारी असताना भारताने ०-० अशी बरोबरी साधली. कौतुक गोलरक्षक गुरप्रीतचं झालं, ते योग्यच. पण त्याच्यापुढच्या चौघांकडे बघा: उजवीकडे मुंबईचा भेके, डावीकडे गोव्याचा मंदार राव देसाई, मध्ये संदेश झिंगनच्या जोडीला गोव्याचाच आदिल खान. चारांतले तीन आपल्या किनारपट्टीचे.

त्याच दोहात जून २०२१ मध्ये उलटं झालं. कतारविरुद्धच सतराव्या मिनिटाला भेकेला दुसरं पिवळं कार्ड मिळालं, म्हणजे लाल. उरलेली त्र्याहत्तर मिनिटं दहा जण लढले, ०-१ ने हरले. समाजमाध्यमांवर त्याचा जो उद्धार झाला तो वाचवत नव्हता, आणि त्यातल्या बहुतेकांना २०१९ ची बरोबरी आठवतही नव्हती.

त्या वर्षी तो मुंबई सिटीत आला. ११ एप्रिल २०२२, रियाध. इराकच्या एअर फोर्स क्लबाविरुद्ध मुंबई सिटी पिछाडीवर पडली, पेनल्टीवर बरोबरी झाली आणि भेकेच्या हेडरने २-१. आशियाच्या चॅम्पियन्स लीगमध्ये भारतीय क्लबाने जिंकलेला हा पहिला सामना. २०२२-२३ मध्ये लीग शील्ड, म्हणजे आयएसएलच्या गुणतक्त्यात पहिलं येण्याचा मान, मिळाली. पुढच्या मोसमात तो कर्णधार होता. १५ एप्रिल २०२४ ला कोलकात्याच्या सॉल्ट लेकवर मोहन बागानने २-१ ने हरवून शील्ड हिसकावून घेतली. ४ मे ला त्याच मैदानावर, त्याच संघाविरुद्ध, पिछाडीवरून ३-१ ने अंतिम सामना जिंकून मुंबईने चषक नेला. अंधेरीत बेंगळुरूसाठी गोल करणाऱ्याने कोलकात्यात मुंबईसाठी चषक उचलला.

मग तो पुन्हा बेंगळुरूला गेला. भारतासाठी नोव्हेंबर २०२४ मध्ये मलेशियाविरुद्ध कॉर्नरवर हेडरने बरोबरीचा गोल, मार्च २०२५ मध्ये शिलाँगला मालदीवविरुद्ध सामन्यातला पहिला गोल, तोही हेडर. तिशी ओलांडल्यावर राइट बॅकचा तो स्टॉपर झाला होता. पंख कमी, नजर जास्त, बॅकचं वय असंच जातं.

ऑगस्ट २०२५ मध्ये भारतीय संघाची सूत्रं खालिद जमील यांच्याकडे आली. आठ वर्षांपूर्वी संपलेल्या मुंबई एफसीचे प्रशिक्षक आणि त्याच संघाचा बॅक ताजिकिस्तानात हिसोरच्या मैदानावर पुन्हा एकत्र आले. मध्य आशियाच्या नेशन्स कपमध्ये झिंगन जखमी झाल्यावर बचावाचा भार आणखी वाढला. ८ सप्टेंबरला तिसऱ्या क्रमांकासाठी ओमानशी १-१ बरोबरी झाली आणि सामना पेनल्टींवर गेला. भेकेने आपली पेनल्टी घातली, भारताने ३-२ असा विजय मिळवला. महिन्याभराने फातोर्ड्यात सिंगापूरने भारताला २-१ ने हरवलं आणि २०२७ च्या आशिया कपचा रस्ता बंद झाला.