वैलावरची वीज

जुन्या घरातली मातीची चूल ज्यांनी पाहिली आहे, त्यांना वैल म्हणजे काय हे सांगावयास नको. चुलीवर भात शिजत असता तिचीच धग शेजारच्या तोंडाशी जाई आणि तेथे आमटी किंवा पाणी तापे. वेगळे लाकूड लागत नसे. गृहिणीचा हाच हिशेब मोठ्या वीजकेंद्रांतही चालतो, आणि त्याचा नमुना नवी मुंबईला लागूनच, उरण येथे आहे.

उरणच्या केंद्रात नैसर्गिक वायूवर चालणारे प्रत्येकी १०८ मेगावॅटचे चार टर्बाइन आहेत. वायूतल्या उष्णतेचा जेमतेम तिसरा हिस्सा येथे विजेत उतरतो. बाकीची बहुतेक उष्णता सुमारे पाचशे अंश सेल्सिअस तापलेल्या धुरातून निघून जाते. म्हणून तो धूर पाण्याच्या नळ्यांवरून नेतात, आणि होणाऱ्या वाफेवर १२० मेगावॅटचे दोन संच फिरतात. ४३२ मध्ये २४० ची भर पडली, आणि त्यासाठी जास्तीचा वायू मात्र जाळावा लागला नाही!

मग यात सूर्याला कोठे बसवावयाचे? धूर उष्णता देता देता निवत जातो. पाणी मात्र उकळताना एकाच तपमानावर अडून बसते आणि तेवढ्यातच भरमसाट उष्णता पिते. हे उकळण्याचे काम आरशांनी एकवटलेल्या उन्हाकडे द्यावे आणि झालेली वाफ आणखी तापविण्याचे काम धुराकडे ठेवावे, अशी ही तडजोड आहे. अल्जीरियात हासी र्मेल येथे २०११ साली असे १५० मेगावॅटचे केंद्र सुरू झाले. त्यात सूर्याचा वाटा सुमारे २५ मेगावॅटचा, आणि तेवढ्यासाठी आरसे लागले सुमारे १,८०,००० चौरस मीटर! म्हणजे चौवेचाळीस एकर नुसती काच; रांगांमधली मोकळी जागा निराळीच.

तेथे वाळवंट आहे. उरणला जमिनीच्या मोबदल्यासाठी जानेवारी १९८४ मध्ये जासई-नवघर परिसरात गोळीबार होऊन पाच माणसे गेली. तेथे आरशांसाठी आणखी एकरच्या एकर मागणे आम्हांस सुचवता येत नाही. शिवाय आरशांना ढगाआडचा उजेड चालत नाही, थेट ऊनच लागते. आणि कोकणचा पावसाळा चार महिन्यांचा. देशावरची गोष्ट वेगळी. शिर्डीच्या प्रसादालयात २००९ पासून ७३ सौर तबकड्यांच्या वाफेवर स्वयंपाक होऊ लागला.

आणखी एक अडचण खुद्द चुलीचीच. वायूच्या टंचाईमुळे उरणचे केंद्र अनेक वर्षे पूर्ण क्षमतेने चाललेले नाही.

तेव्हा येथे सूर्याची आणि वैलाची सांगड वाफेने नव्हे, तारेने घालावी असे आम्हांस वाटते. साध्या सौरपट्ट्यांना घराचे किंवा कारखान्याचे छप्पर पुरते, आणि ढगाळ दिवशीही त्या थोडीफार वीज देतात. दिवसा त्यांनी भार उचलावा, आणि वाचलेला वायू दिवेलागणीसाठी ठेवावा. वायूचा टर्बाइन काही मिनिटांत जोर धरतो, पण वैलाला तापावयास वेळ लागतो. त्यामुळे टर्बाइन दुपार कलतानाच पेटवावे लागतील.